हरणांविना हरीणबेट, सापांविना सापबेट!

मॉरिशसच्या एकदिवसीय कॅटमरान सफरीतल्या चटकदार पण शंभर टक्के खऱ्या गोष्टी

सकाळी नऊला जेट्टीवर हजर, दुपारी बोटीवरच बार्बेक्यू, चारच्या सुमारास परत. मॉरिशसच्या बहुतेक पॅकेजांमध्ये ही सफर ठरलेली असते. पूर्वेकडून इल ओ सेर्फ, पश्चिमेकडून इल ओ बेनितिए, उत्तरेकडून गॅब्रिएल बेट. तिकीट कुठलंही काढा, अल्बममध्ये येणारा फोटो एकच : निळं पाणी, पांढरी वाळू आणि गॉगल लावलेले आपण.

पण हा समुद्र भलता खोडकर आहे. ‘दिसतं तसं नसतं’ ही म्हण त्याने फारच मनावर घेतलीय. इथे बेटांची नावं खोटं बोलतात, दगड जिवंत निघतो, वाळू माशाच्या पोटातून येते आणि समुद्राच्या तळाशी चक्क धबधबा कोसळताना दिसतो. तेव्हा लाइफ जॅकेट चढवा आणि चला.

### बोटीवर पाऊल

जिंकली म्हणून हाकलली
१८७६ साली न्यूयॉर्कजवळच्या मोठ्या शर्यतीत नॅथानिएल हेरेशॉफ नावाच्या तरुण नौकाकाराने ‘अमॅरिलिस’ ही दोन धडांची नाव उतरवली. तिने भल्याभल्या बोटींना मागे टाकलं. हरलेल्यांनी तक्रार केली, की ही बोटच नव्हे! झालं, कॅटमरानला शर्यतींमधून बाद करण्यात आलं. पॅसिफिकमधले दर्यावर्दी मात्र त्याआधी कित्येक शतकं दोन धडांच्या नावांतून महासागर ओलांडत होते. त्यांना कुणाची परवानगी लागली नाही.

बोट लागणाऱ्यांसाठी खूशखबर
एका धडाची शिडाची बोट वाऱ्याने कलते. कॅटमरानची दोन धडं एकमेकांपासून लांब असल्याने ती जवळपास सपाट राहते, पेल्यातलं सरबत पेल्यातच राहतं. पाण्याखालचा भागही उथळ, त्यामुळे ती थेट बेटाच्या वाळूजवळ जाऊ शकते. तरीही पोट ढवळलंच तर मोबाइल खिशात ठेवा, बोटीच्या मध्यभागी बसा आणि क्षितिजाकडे बघा. आणखी एक गोष्ट, तेवढी घाबरवणारी : कॅटमरान सुलटी जितकी स्थिर, तितकीच उलटी झाल्यावरही स्थिर. एकदा पालथी पडली की ती आपणहून सरळ होत नाही. म्हणूनच वारा वाढला की जाणता कप्तान शीड वेळेत आवरतो.

जाळीवरची मोक्याची जागा
पुढच्या बाजूला दोन धडांमध्ये ताणलेली जाळी. बोटीत चढल्या चढल्या सगळे धावतात ते तिच्यावर पहुडायला. पण ती बांधलेली असते पाण्यासाठी. पुढून मोठी लाट आली, की पाणी जाळीतून खाली निघून जातं. तिथे लाकडी फळ्या असत्या तर त्या पाण्याच्या वजनाने बोटीचं नाक खाली गेलं असतं. थोडक्यात, तुम्ही जिथे सेल्फी काढताय ती बोटीची मोरी आहे!

### वारा, भरती आणि निळाई

मे महिन्यात स्वेटर?
मॉरिशस दक्षिण गोलार्धात आहे, त्यामुळे ऋतूंची अदलाबदल ठरलेली. आपण शाळेला उन्हाळी सुट्टी म्हणून जातो तेव्हा तिथे थंडी लागायच्या बेतात असते. घाबरू नका, पाणी हिवाळ्यातही साधारण २३ अंशांवर असतं. खरी काळजी वाऱ्याची. जून ते ऑगस्टमध्ये आग्नेयेकडचे वारे जोरात असतात आणि पूर्व किनारा ते अंगावर घेतो. पश्चिम किनारा डोंगरांच्या आडोशाला. म्हणून हिवाळ्यात पश्चिमेची सफर जास्त सुखाची. जानेवारी ते मार्च हा चक्रीवादळांचा ऐन हंगाम, तेव्हा तारीख बदलायची तयारी ठेवलेली बरी.

भरती आली कधी, गेली कधी?
मुंबईत उधाणाच्या भरतीचे आकडे साडेचार मीटरच्या पुढे जातात. मॉरिशसमध्ये भरती-ओहोटीतला फरक साधारण अर्ध्या मीटरचा. वाळूत ठेवलेली चप्पल दुपारी परत आलात तरी बहुधा तिथेच सापडते.

निळं पाणी उपाशी असतं
कोकणातलं पाणी गढूळ म्हणून नाकं मुरडणाऱ्यांनी हे जरूर वाचावं. पाणी आरपार दिसतं याचा एक अर्थ असा, की त्यात तरंगणारे सूक्ष्म जीव कमी आणि त्यांना लागणारी पोषणद्रव्यंही कमी. आपल्या किनाऱ्यावर नद्या गाळ आणतात, पावसाळ्यात तळचं पोषण वर येतं, सूक्ष्म जीव फोफावतात, पाणी मळकट दिसतं आणि बांगडा-तारली जाळीभर मिळते. पोट भरायचं तर मालवण, फोटो काढायचा तर मॉरिशस! या उपाशी पाण्यात प्रवाळांची एवढी भरगच्च दुनिया कशी जगते, या कोड्याला शास्त्रज्ञांनी नाव दिलंय ‘डार्विनचं कोडं’.

भिंतीला दारं कोणी पाडली?
मॉरिशसभोवती प्रवाळांची जवळपास सलग भिंत आहे. बाहेर महासागराच्या लाटा आपटतात, आत लगूनचं शांत पाणी. या भिंतीला मधूनमधून खिंडारं दिसतात, ती बहुतेकदा नदीच्या मुखासमोर. प्रवाळांना गोडं पाणी आणि गाळ मानवत नाही, त्यामुळे तिथे भिंत वाढतच नाही. पूर्वीची जहाजं याच दारांतून आत शिरली आणि बंदरं वसली. स्नॉर्केलिंग करताना मात्र या दारांपासून चार हात लांब राहा. लगूनमध्ये आलेलं पाणी तिथूनच जोरात बाहेर पडतं. दक्षिणेला ग्री-ग्री इथे भिंत नाही. तिथे लाटा थेट कड्यावर फुटतात आणि पोहायला कुणी जात नाही.

### नावावर जाऊ नका

हरीणबेटावर गोल्फ
‘इल ओ सेर्फ’ म्हणजे हरणांचं बेट. डच लोकांनी १६३९ मध्ये जावाहून हरणं मॉरिशसला आणली. मुख्य बेटावरच्या रानांत त्यांचे वंशज आजही आहेत, पण हरणांच्या नावाच्या या बेटावर हरीण शोधून सापडणार नाही. त्याऐवजी सापडतं १८ होलचं गोल्फचं मैदान, जर्मन गोल्फपटू बर्नहार्ड लांगर यांनी आखलेलं. एखादा फटका चुकला की चेंडू थेट लगूनमध्ये. पूर्वेकडच्या सफरी इथे येण्याआधी बहुधा ग्रँड रिव्हर साउथ ईस्ट या देशातल्या सर्वांत लांब नदीच्या मुखाशी धबधबा दाखवतात. सर्वांत लांब म्हणजे किती? अवघी ३४ किलोमीटर!

गोल बेट गोल नाही, सापबेटावर साप नाही
उत्तरेला दोन बेटं शेजारी शेजारी आहेत : राउंड आयलंड आणि सर्पंट आयलंड. पैकी ‘राउंड’ गोल नाही आणि तिथे साप आहेत. ‘सर्पंट’ बऱ्यापैकी गोल आहे आणि तिथे साप नाहीत, समुद्रपक्ष्यांची गर्दी तेवढी आहे. नकाशावर नावं लिहिताना कुणाचा तरी हात घसरला असावा, असा संशय मॉरिशसमध्ये गमतीने व्यक्त होतो.

दुमडणाऱ्या जबड्याचा साप
त्याच राउंड आयलंडवर एक बोआ राहतो, ज्याचा वरचा जबडा प्रत्येक बाजूला मध्येच सांध्याने दुमडतो. जमिनीवरच्या दुसऱ्या कुठल्याही कणाधारी प्राण्यांच्या कुळात ही सोय नाही. गुळगुळीत सरडे घट्ट पकडायला ती कामी येते. पूर्वी खलाशांसाठी सोडलेल्या शेळ्या आणि सशांनी हे बेट बोडकं केलं होतं. १९८६ पर्यंत ते सगळे हटवले आणि बेट पुन्हा हिरवं व्हायला लागलं. कॅटमरानवाला तुम्हाला इथे उतरवणार नाही, हे अभयारण्य आहे. परवानगी फक्त अभ्यासकांना.

सपाट बेटावरची टेकडी
‘फ्लॅट आयलंड’ नावाप्रमाणे सपाट, असं म्हणता म्हणता एका टोकाला टेकडी दिसते आणि तिच्यावर १८५५ चं दीपगृह. याच्या शेजारचं चिमुकलं गॅब्रिएल बेट उत्तरेच्या सफरींचं लाडकं ठिकाण. दोन्ही बेटांमधल्या उथळ पाण्यात नांगर टाकतात आणि सगळे मास्क लावून उड्या मारतात.

तोफेखालची पाचर
त्याच वाटेवर समुद्रातून तिरका उगवलेला एक प्रचंड खडक लागतो, क्वां द मीर. तोफेचा नेम वर-खाली करायला तिच्याखाली जी लाकडी पाचर सारत, तिचं नाव त्याला दिलंय. इथे मात्र नाव आणि रूप जुळतं! मान वर करून पाहा, कड्यांमध्ये लांब शेपटीचे पांढरे समुद्रपक्षी घरटी करतात.

पाण्याखालचा धबधबा
नैऋत्य टोकाला, ल मॉर्न डोंगराच्या पायथ्याशी, समुद्राच्या आत धबधबा कोसळतोय असे फोटो तुम्ही नक्की पाहिले असतील. पाणी कुठेच कोसळत नाही. किनाऱ्याजवळचा उथळ तळ तिथे एकदम संपतो आणि प्रवाह वाळू-गाळ त्या काठावरून खोलात ओढून नेतात. फिकट वाळूच्या या रेघा वरून पाहिल्या की डोळे फसतात. ‘वरून’ हा शब्द महत्त्वाचा. कॅटमरानमधून तो दिसत नाही, त्यासाठी हेलिकॉप्टरचं वेगळं तिकीट काढावं लागतं. एजंट बोटीतून दाखवतो म्हणाला तर हसून पुढे चला.

### डोकं पाण्यात

“केवढा मोठा मासा!”
मास्कमधून पाहताना प्रकाश पाण्यातून काचेमागच्या हवेत येताना वाकतो. त्यामुळे पाण्यातली वस्तू सुमारे एक तृतीयांश मोठी आणि एक चतुर्थांश जवळ दिसते. बोटीवर परत आल्यावर कुणी हातभर माशाची गोष्ट सांगू लागलं, तर हिशेब मनातल्या मनात करा.

थुंकायला परवानगी
काचेवर धुकं धरू नये म्हणून गाइड तुम्हाला मास्कमध्ये थुंकून बोटाने चोळायला सांगेल. चेष्टा नाही ती. थुंकीमुळे पाण्याचा पृष्ठताण कमी होतो, बाष्पाचे बारीक थेंब न होता सलग पातळ थर पसरतो आणि काच स्वच्छ राहते. ‘इथे थुंकू नये’ अशा पाट्यांच्या देशातून आलेल्यांना हा सोहळा विशेष आवडतो.

नळी हातभरच का?
दोन मीटरची नळी घेतली तर खोल जाऊन आरामात श्वास घेता येईल ना? नाही. मीटरभर खोलीवरच छातीवर पाण्याचा दाब इतका असतो, की वरची साधी हवा आत ओढणं स्नायूंना झेपत नाही. शिवाय लांब नळीत आपलीच उच्छ्वासाची शिळी हवा अडकते आणि तीच परत आत येते.

ही वाळू कुणाची?
पोपटमासा प्रवाळावरचं शेवाळ खरवडून खातो. चोचीच्या आकाराच्या दातांनी खरवडताना चुनखडीही पोटात जाते, आतमध्ये तिचं पीठ होतं आणि शेपटीकडून पांढरी शुभ्र वाळू बाहेर पडते. एक मोठा पोपटमासा वर्षाला शेकडो किलो वाळू तयार करतो. पांढऱ्या पुळणीवर अनवाणी चालण्याचं सुख घेताना तिचा काही भाग कुणाच्या पोटातून आलाय, ते बरोबरच्या मंडळींना सांगायचं की नाही हे तुमच्यावर!

नेमोचे बाबा आई होतात
क्लाउनफिश जन्माला येतात तेव्हा सगळे नर. टोळीतली सर्वांत मोठी ती एकटी मादी. ती मेली की पुढचा तगडा नर मादी बनतो आणि टोळीचा कारभार हाती घेतो. म्हणजे निसर्गाच्या नियमाने त्या गाजलेल्या सिनेमातल्या नेमोच्या बाबांना त्याची आई व्हावं लागलं असतं. क्लाउनफिशची एक जात तर मॉरिशसच्या आसपासच सापडते.

समुद्रकाकडी श्वास कुठून घेते?
तळाशी लोळणारी काळी, जाडजूड काकडी दिसली तर तिला हात लावू नका. ती प्राणी आहे आणि श्वास घेते गुदद्वारातून. नाक मुरडण्याआधी एवढं ध्यानात घ्या, की तळाची वाळू गिळून स्वच्छ करून देण्याचं काम तीच करते.

दगड समजून पाय ठेवू नका
पोवळं म्हणजे दगड नव्हे, वनस्पतीही नव्हे. हजारो चिमुकल्या प्राण्यांनी बांधलेली ती चुनखडीची वसाहत. त्यांच्या शरीरात सूक्ष्म शैवाल राहतं, ते सूर्यप्रकाशावर अन्न बनवतं आणि घरमालकाला भाडं म्हणून खाऊ घालतं. रंगही बहुतांशी त्याचाच. पाणी फार तापलं की हा संसार मोडतो, शैवाल बाहेर पडतं आणि प्रवाळ पांढरंफटक होतं. समुद्रतळाच्या एक टक्क्याहून कमी जागेत असलेल्या प्रवाळांच्या आसऱ्याला समुद्रातल्या सुमारे पाव जाती राहतात. म्हणून उभं राहायचं तर वाळूवर. तीसुद्धा जपून, कारण खडकासारखा दिसणारा विषारी दगडमासा इथल्या उथळ पाण्यात असतो. पायात रबरी बूट हवेतच.

आग्नेय किनाऱ्यावरचं ब्लू बे हे ३५३ हेक्टरांचं सागरी उद्यान प्रवाळांसाठी मॉरिशसमधलं नावाजलेलं ठिकाण. २००८ पासून ते रामसर यादीत आहे.

क्रीमपेक्षा टी-शर्ट भला
स्नॉर्केलिंग करणाऱ्याची पाठ तासभर उन्हात असते आणि गार पाण्यामुळे ती भाजतेय हे कळतच नाही. रात्री कळतं! काही सनस्क्रीनमधली ऑक्सिबेन्झोनसारखी रसायनं प्रवाळांना घातक ठरतात, म्हणून पलाऊने २०२० मध्ये आणि हवाईने २०२१ मध्ये त्यांवर बंदी आणली. लांब बाह्यांचा टी-शर्ट घाला. पाठही वाचते, पोवळंही वाचतं.

अर्धा मेंदू झोपलेला
पश्चिमेच्या डॉल्फिन-सफरी मात्र भल्या सकाळी निघतात, कारण तामारिनच्या खाडीत सकाळी डॉल्फिन हमखास दिसतात. त्यातले स्पिनर डॉल्फिन उडी मारताना हवेत सात-सात गिरक्या घेतात. पण ते खाडीत आपल्यासाठी येत नाहीत. रात्रभर खोल समुद्रात शिकार करून ते उथळ पाण्यात विश्रांतीला येतात. मेंदूचा एक अर्धा भाग झोपतो, दुसरा जागा राहतो. अशा वेळी दहा बोटींनी घेरून पाण्यात उड्या मारणं म्हणजे रात्रपाळीहून आलेल्या माणसाच्या दारात ढोल बडवणं. लांबून बघणारी, वाट न अडवणारी बोट निवडा.

आणि शार्क?
हा प्रश्न प्रत्येक बोटीत कुणी ना कुणी विचारतंच. लगूनच्या आत शार्कची भीती जवळपास नाही. प्रवाळभिंत दार राखून आहे. सुमारे पावणेदोनशे किलोमीटरवरच्या रेयुनियन बेटावर मात्र २०११ पासून शार्कच्या हल्ल्यांची मालिका सुरू झाली आणि २०१३ मध्ये लगूनबाहेर पोहण्या-सर्फिंगवर बंदी घालावी लागली.

### बेटावर उतरल्यावर

सुरतेत डोडो
मॉरिशस म्हटलं की डोडो. डच खलाशी १५९८ मध्ये आले आणि शंभर वर्षांच्या आत हा न उडणारा पक्षी संपला. १६६२ मध्ये फुटलेल्या जहाजातल्या एका खलाशाने मुख्य बेटाजवळच्या छोट्या बेटावर डोडो पाहिले. ती अभ्यासकांनी मान्य केलेली शेवटची खात्रीलायक नोंद. ते बेट ईशान्येचं इल द आम्ब्र असावं असा अंदाज आहे आणि तिथेही आज सहली जातात. याहून गमतीची गोष्ट : डोडो सुरतेलाही आला होता. पीटर मंडी या इंग्रज प्रवाशाने १६३० च्या आसपास तिथे दोन डोडो पाहिल्याचं लिहून ठेवलंय. जहांगीराचा चित्रकार उस्ताद मन्सूर याच्या नावावर असलेलं डोडोचं एक चित्र आज सेंट पीटर्सबर्गच्या हर्मिताज संग्रहालयात आहे आणि डोडो खरा कसा दिसत होता, हे ठरवताना त्याला मोठा मान आहे. डोडोचा सर्वांत जवळचा जिवंत नातेवाईकही आपलाच शेजारी, निकोबारी कबुतर.

बदली कामगार कासव
माहेबूरजवळचं इल ओ एग्रेट हे अवघ्या २६ हेक्टरांचं बेट. मॉरिशसची मूळची महाकाय कासवं माणसाने खाऊन संपवली आणि त्यांच्याबरोबर एबनीच्या झाडांची पंचाईत झाली. या झाडांची फळं गिळून बिया दूरवर पेरणारं कुणी उरलं नाही. मग अल्डाब्रा कासवांना बदलीवर आणलं. ती फळं खातात, बेटभर रमतगमत फिरतात आणि बिया पेरतात. कासवाच्या पोटातून गेलेल्या बिया तर जास्त चांगल्या रुजतात. याच बेटावर गुलाबी कबुतर दिसेल. १९९० च्या सुमारास रानात ती जेमतेम दहा उरली होती.

डार्विन हत्तीवर
१८३६ मध्ये ‘बीगल’ जहाज मॉरिशसला थांबलं, तेव्हा चार्ल्स डार्विनने कॅप्टन लॉइड या अधिकाऱ्याकडे पाहुणचार घेतला आणि परतताना थोडी वाट त्याच्या हत्तीवरून केली. बेटावर तो एकुलता एक हत्ती होता. एवढा मोठा प्राणी पावलांचा आवाज न करता चालतो, याचं डार्विनला भारी नवल वाटलं. प्रवाळभिंतींवरचं त्याचं पुस्तक सहा वर्षांनी, १८४२ मध्ये आलं.

गॅब्रिएल बेटाची दुसरी बाजू
ज्या वाळूवर आज छत्र्या लागतात, तिथे १८५६ च्या सुरुवातीला माणसं मरत होती. भारतातून मजूर घेऊन आलेल्या दोन जहाजांवर पटकीची साथ होती, म्हणून त्यांना मुख्य बेटावर येऊ न देता गॅब्रिएल बेटावर उतरवलं. अपुरा निवारा, अपुरं पाणी. दोनशेहून जास्त जण तिथेच गेले. त्याच वर्षी भारतातून मॉरिशसला मजूर पाठवणं काही काळ थांबवण्यात आलं. नोबेल विजेते लेखक ल क्लेझिओ यांची ‘ला कारँतेन’ ही १९९५ ची कादंबरी शेजारच्या फ्लॅट आयलंडवरच घडते. पाण्यात उडी मारण्याआधी मिनिटभर थांबावं असं हे ठिकाण आहे.

डोंगर जो आसरा होता
पश्चिमेच्या सफरीत सतत नजरेसमोर राहतो तो ५५६ मीटर उंचीचा ल मॉर्न. मळ्यांतून पळालेले गुलाम त्याच्या कड्याकपारींत लपत. १ फेब्रुवारी १८३५ रोजी गुलामगिरी संपली. ती बातमी द्यायला आलेल्या शिपायांना पाहून, पकडायलाच आलेत असं समजून अनेकांनी कड्यावरून उड्या घेतल्या, अशी आख्यायिका आहे. २००८ मध्ये हा डोंगर जागतिक वारसा झाला. जेवणानंतर बोटीवर ज्या सेगा गाण्यांवर सगळे नाचतात, ती गाणीही याच गुलामांची. सेगाचा ‘रवान’ हा बकऱ्याच्या कातड्याचा डफ वाजवण्याआधी आगीवर शेकतात. २०१४ पासून हे नृत्यगीत युनेस्कोच्या यादीत आहे.

तेलाविरुद्ध उसाचा पाला
२५ जुलै २०२० रोजी ‘वाकाशिओ’ हे मालवाहू जहाज ब्लू बेपासून जवळच प्रवाळभिंतीवर चढलं. ऑगस्टमध्ये त्यातून सुमारे हजार टन तेल सांडलं. लोक सरकारी यंत्रणेची वाट बघत बसले नाहीत. कापडी पिशव्यांत उसाचा पाला भरून लांबच लांब तरंगते अडसर शिवले, सलूनमधून केस गोळा केले, कारण केस तेल शोषून घेतात.

### आणि आपलं नातं

सह्याद्रीचा धाकटा भाऊ
सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी जमिनीच्या पोटातून लाव्हा उसळला आणि दख्खनचं पठार, पर्यायाने सह्याद्री घडला. तो उसळवणारा तप्त झरा जागेवरच राहिला, भारत मात्र उत्तरेकडे सरकत गेला. मेणबत्तीवरून कागद सरकवावा आणि त्यावर डागांची रांग उठावी, तसा लक्षद्वीप, मालदीव, मग मॉरिशस आणि शेवटी रेयुनियन असा हा माग बहुतेक भूशास्त्रज्ञ सांगतात. मॉरिशस जन्मलं अवघ्या ८०-९० लाख वर्षांपूर्वी. म्हणजे हरिश्चंद्रगडाचा कडा आणि ल मॉर्नचा कडा एकाच घराण्यातले! त्यातही गंमत अशी, की या तरुण बेटाच्या लाव्ह्यात ३०० कोटी वर्षांपूर्वीचे झिरकॉनचे कण सापडले. खाली एका बुडालेल्या प्राचीन भूखंडाचा तुकडा दडलाय, असा त्यांचा अर्थ लावला गेलाय.

दीड दिवसाच्या गणपतीची सरकारी सुट्टी
१८३४ ते १९२० या काळात साडेचार लाखांवर भारतीय करारावर मॉरिशसला आले. ते उतरले तो पोर्ट लुईचा आप्रवासी घाट २००६ पासून जागतिक वारसा आहे. मुंबई बंदरातून गेलेल्यांत रत्नागिरीकडची माणसं पुष्कळ होती. त्यांच्या पुढच्या पिढ्या घरात क्रिओल बोलतात, शाळेत मराठी शिकतात, जाखडी नाचतात आणि गणपती आणतात. बेटावरचा पहिला गणेशोत्सव १८९६ मध्ये हेन्रिएटा गावात भिवाजी कुटुंबाने केल्याचं सांगतात. आज मॉरिशसमध्ये गणेशोत्सवाची सार्वजनिक सुट्टी असते आणि तीही अस्सल कोकणी हिशेबाने, चतुर्थीच्या दुसऱ्या दिवशी. २०२५ मध्ये आपल्याकडे चतुर्थी २७ ऑगस्टला होती, तिथली सुट्टी २८ ऑगस्टला. दीड दिवसाच्या विसर्जनासाठी!

तेव्हा बुकिंग करताना आधी कालनिर्णय उघडा. त्या दिवशी पश्चिम किनाऱ्यावर मुक्काम असेल तर कॅटमरान खुशाल एक दिवस पुढे ढकला. लगून काही कुठे जात नाही आणि क्रिओल बोलणाऱ्या पोरांच्या तोंडून मराठी आरती ऐकायला मिळणं कुठल्याच पॅकेजात लिहिलेलं नसतं. टाळ तुमच्याही हातात देतील, एवढी मात्र तयारी ठेवा.